चल म्हणजे डबा

खडकेवाडीत एक भोळा माणूस राहायचा. गावात शहाणे पुष्कळ होते, भोळा मात्र एकच. पण गावाला तो एकटा पुरत होता.

त्याचं नाव गुणाजी. वडिलांच्या मागे पिठाची गिरणी तो चालवायचा. घरात तो आणि त्याची आई तानूबाई, एवढी दोनच माणसं. गुणाजीला एक खोड होती. सांगितलेलं तो ऐकायचा. तसं गावात सगळेच ऐकायचे, पण ऐकून सोडून द्यायचे. गुणाजी ऐकायचा आणि तसंच करायचा. या एवढ्या फरकाला खडकेवाडीत खुळेपणा म्हणत.

एकदा तानूबाई म्हणाली, "गुणा, दुधावर लक्ष ठेव." गुणाजी चुलीपुढे पाट घेऊन बसला. दूध वर आलं, उतू गेलं, चूल विझली. आई धावत आली.

"अरं मुडद्या, लक्ष ठेव म्हटलं होतं ना?"

"व्हतं की लक्ष. आधी डाव्या बाजूनं गेलं, मग सगळीकडनं गेलं."

तर असा गुणाजी. वय तीस झालं तरी त्याचं लग्न ठरत नव्हतं. तानूबाई एकटीच भिंतीशी बोलायची. तिला घरात बोलायला एक माणूस हवं होतं.

आणि एक पोरगी होती. पलीकडच्या पिंपरणीची, आप्पा जगदाळ्यांची वेणू. त्यांच्या गावची गिरणी बंद पडली म्हणून ती एकदा गहू घेऊन खडकेवाडीला आली. "जरा बारीक दळा हं," म्हणाली. गुणाजीनं तीनदा दळलं. पीठ इतकं बारीक झालं की घरी गेल्यावर वेणूनं डब्याचं झाकण उघडलं आणि निम्मं पीठ तिच्या तोंडावर उडालं. घरातले सगळे चिडले. वेणू पांढऱ्या तोंडानं हसत बसली. तिच्या घरात पाच माणसं. काही सांगितलं की पाचही जण "हो" म्हणायची आणि कुणीही उठायचं नाही. सांगितलेलं करणारा माणूस तिनं त्या दिवशी पहिल्यांदा पाहिला. तिनं घरी सांगून टाकलं, की लग्न करीन तर त्या गिरणीवाल्याशी.

आप्पांनी अट घातली. "नुसत्या पीठवाल्याला माझी पोरगी देणार न्हाई. पुढचं जग कम्प्युटरचं हाय. त्याचा दाखला आणंल, तर बघू." आप्पा स्वतः टीव्हीचा रिमोट उलटा धरायचे. पण पुढचं जग कसलं आहे हे त्यांना पक्कं माहीत होतं.

तेव्हा खडकेवाडीत ग्रामपंचायतीच्या जुन्या गोदामात कम्प्युटरचा वर्ग सुरू झाला होता. कम्प्युटर चार होते, त्यातले दोन चालायचे. उत्तूरकर बाई तालुक्याहून एसटीनं शिकवायला यायच्या. दोन महिन्यांनी परीक्षा, पास झाला की दाखला. गुणाजीनं नाव घातलं आणि पहिल्या बाकावर जाऊन बसला.

बाई पहिल्याच दिवशी म्हणाल्या, "प्रोग्रॅम लिहायचा तर आधी व्हेरिएबल कळायला हवा. आपल्या गणिताच्या पुस्तकात त्याला एक छान छोटा शब्द आहे." त्यांनी समोर बसलेल्या गुणाजीकडे बोट केलं आणि म्हणाल्या, "चल."

गुणाजी उठला आणि घरी गेला.

दुसऱ्या दिवशी बाईंनी विचारलं, "काल कुठे गेला होतास?"

"घरी. तुमीच म्हनलात, चल."

बाईंनी कपाळाला हात लावला. "अरे, चल म्हणजे जायचं नाही! ज्याची किंमत बदलते तो चल. तू गिरणीवाला आहेस ना? मग असं समज, चल म्हणजे डबा. इथून पुढे चल ऐकलंस की जागचं उठायचं नाही. खाली बसायचं आणि डब्यात काय आहे ते बघायचं. कळलं?"

"कळलं. ध्यानात ठेवतो."

गुणाजीनं ध्यानात ठेवलं.

मग बाईंनी समजावलं. समज, कुण्या सरूबाईंचा डबा तुझ्या गिरणीत आला. येताना आत गहू, जाताना आत पीठ. डबा तोच, डब्यावरचं नाव तेच, आतलं मात्र बदललं. व्हेरिएबल म्हणजे एवढंच. गुणाजीच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. वर्गात सगळ्यात आधी त्यालाच कळलं, हे बाईंनी बोलून दाखवलं. बाकीचे शहाणे वहीत मान खाली घालून "व्हेरिएबल म्हणजे व्हेरिएबल" असं लिहीत होते.

जाता जाता बाई म्हणाल्या, "आणि एक नियम. नाव ठेवल्याशिवाय डबा वापरायचा नाही. आधी नाव ठेवायचं, मगच वापरायचं."

"ध्यानात ठेवतो, बाई."

त्या रविवारी सरपंचांच्या नातवाचं जावळ होतं. सगळ्या गावाला जेवण होतं. सरपंचीणबाईंनी पहाटे उठून स्वतः स्वयंपाक केला होता आणि तसं त्या प्रत्येकाला सांगत फिरत होत्या. पंगत बसली. पानात भात आला, वरण आलं, पुरी आली, लाडू आला. सगळ्यांनी हात घातला. गुणाजी हाताची घडी घालून बसला.

"गुणा, जेव की रं," सरपंचीणबाई म्हणाल्या.

"जेवतो, काकू. आधी नाव ठेवतो."

"काय करतोस?"

गुणाजीनं लाडवावर बोट ठेवलं. "ह्यो दगडू."

पंगतीतले घास हातातच राहिले.

वरणाकडे बघून म्हणाला, "ही गंगू." मग पुरी उचलली, जरा करपलेली होती. "अन् ही काळू."

गुणाजीच्या मामाचं नाव दगडू. मावशीचं नाव गंगू, आत्याचं काळू. बिचाऱ्यानं आपल्या घरातली नावं प्रेमानं ठेवली होती. पण शेजारच्यानं लाडू फोडून पाहिला, फुटला नाही, आणि तो म्हणाला, "दगडूच हाय खरा!" दुसऱ्यानं वरणाची वाटी हलवून पाहिली. सबंध पंगत पोट धरून हसायला लागली.

सरपंचीणबाईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "माझ्या जेवणाला नावं ठेवतोस होय रे?"

"ठेवली की, काकू. तिन्हींला ठेवली. आता जेवू?"

त्यांनी पान उचलून नेलं. गुणाजी उपाशीच घरी आला.

दुसऱ्या दिवशी तो बाईंपुढे उभा राहिला. "बाई, चुकलं."

बाईंनी सगळं ऐकून घेतलं. तोंडाला पदर लावला, बराच वेळ खोकल्या आणि मग म्हणाल्या, "अरे गुणाजी, मनाला येईल ते नाव ठेवायचं नसतं. आत जे आहे ते बाहेरच्या नावावरून कळलं पाहिजे. आत साखर, तर बाहेर साखर. आत एक आणि बाहेर एक असलं की सगळा घोटाळा होतो."

"ध्यानात ठेवतो, बाई."

घरी आल्यावर त्यानं आईच्या फडताळातले डबे पाहिले. बिस्किटांच्या डब्यात मिरच्या होत्या. चहाच्या डब्यात सुया-दोरे. चॉकलेटच्या डब्यात तर हिंग. त्यानं सगळ्यांवर कागद चिकटवून खरं ते लिहिलं. तानूबाई म्हणाली, "बया, शाणा झालास की!" इथंच तो थांबला असता तर बरं होतं. पण गुणाजीला वाटलं, घोटाळा काय आपल्याच घरात आहे? तो काळा रंग आणि ब्रश घेऊन गावात निघाला.

खडकेवाडीत अलीकडे घरांना नावं द्यायची टूम निघाली होती. दारावर संगमरवरी पाटी, तिच्यावर सोनेरी अक्षरं. पहिलं घर फडतऱ्यांचं. पाटीवर 'शांतिकुंज'. आत दोघे भाऊ मधल्या भिंतीवरून भांडत होते. गुणाजीनं ते नाव रंगानं खोडलं आणि खाली लिहिलं, 'भांडण'. पुढचं घर 'विद्यादीप'. तिथं लिहिलं, 'दहावी, चौथ्यांदा'. शेवटी सरपंचांचा बंगला. पाटी सगळ्यांत मोठी, 'मातृछाया'. गुणाजी घराला वळसा घालून मागे जाऊन बघून आला, म्हणजे चूक नको. मग नीट वळणदार अक्षरात लिहिलं, 'आई मागं गोठ्यात आहे'.

दुपारपर्यंत सगळा गाव गोळा झाला. जो तो आपल्या घरावरचं पुसायला सांगत होता. आपलं सोडून बाकी सगळ्यांचं बरोबर लिहिलंय, यावर गावाचं एकमत झालं. खडकेवाडीत एकमत व्हायची ही पहिलीच वेळ.

सरपंच लालबुंद झाले. पण संध्याकाळी जिल्ह्याहून पाहुणे यायचे होते आणि रंग लवकर निघत नव्हता. तेव्हा पाटी खोटी ठरवायला त्यांनी आईलाच उचलून गोठ्यातून पुढच्या खोलीत आणलं, गादीवर बसवलं, अंगावर शाल घातली. म्हातारी तीन वर्षांनी रस्ता बघत होती. तिनं खिडकीतून हाक मारली, "ह्या पोराला कुनी काय बोलू नगा!" मला विचाराल तर त्या दिवशी गावात एवढं एकच धड बोलणं झालं.

गुणाजीनं तिला आत बसलेली पाहिली. ब्रश घेतला, आपलंच वाक्य खोडलं आणि पाटीवर पुन्हा लिहिलं, 'मातृछाया'. "आता बराबर हाय," तो म्हणाला.

तरी ओरडा बसलाच होता. तो बाईंकडे गेला. "बाई, चुकलं."

"आता काय केलंस?"

त्यानं सांगितलं. बाई या वेळी खोकल्या नाहीत. म्हणाल्या, "अरे, नाव एकदा पडलं की ते असं पुसत बसायचं नाही. नाव तेच राहतं, बदलतं ते आतलं. आणि हे बघ, डब्यात एका वेळी एकच वस्तू राहते. नवं आत आलं की जुनं बाहेर. हे परीक्षेत येणार आहे, लक्षात ठेव."

"ध्यानात ठेवतो, बाई."

त्याच आठवड्यात आप्पा जगदाळे घर बघायला आले. तानूबाईचा जीव टांगणीला लागला. हे स्थळ गेलं तर दुसरं येणार नव्हतं, आणि हे तिला चांगलं माहीत होतं. तिनं गुणाजीला बजावलं, "पाव्हन्यांना बाजेवर बसव. नीट बघ त्येंच्याकडं." आणि ती पोहे करायला आत गेली.

आप्पा बाजेवर बसले. टोपी काढून शेजारी ठेवली. तेवढ्यात शेजारचा गोविंदा लोहार दारातून डोकावला. "पाव्हनं आलं म्हनं?" आणि आत आला.

गुणाजी उभा राहिला. "आप्पा, उठा."

"का रं बाबा?"

"नवं आत आलं. जुनं भाईर."

"मी जुना?"

"ह्येच्यापरीस जुनं." गुणाजीनं आप्पांना हाताला धरून अंगणात उन्हात नेऊन उभं केलं आणि गोविंदाला बाजेवर बसवलं. गोविंदा "काय झालं, काय झालं" विचारतोय तोवर त्याची शेळी त्याच्या मागोमाग घरात शिरली.

"गोविंदकाका, उठा."

तानूबाई पोह्यांची ताटली घेऊन बाहेर आली. बाजेवर शेळी बसली होती आणि आप्पांची टोपी खात होती. गुणाजी समोर अदबीनं उभा होता.

"पाव्हनं कुठंयत रं?"

"भाईर. त्येंचं झालं. आता ह्यांचं चाललंय." त्यानं आईच्या हातातली ताटली घेतली आणि शेळीपुढे धरली.

आप्पा बोडक्या डोक्यानं पिंपरणीला परत गेले. ओट्यावर चढायच्या आधीच ओरडले, "मोडलं! शेळीच्या खालची जागा दिली मला!"

वेणूनं सगळं ऐकलं. आधी ती पोटभर हसली. मग तिनं विचारलं, "आप्पा, त्येनं तुमाला उठा म्हनलं, अन् तुमी उठलात?"

"उठलो की. हाताला धरून उठवलं."

"आजवर कुनाच्या सांगन्यावरनं उठलाय का तुमी?"

आप्पा बोटांवर मोजायला लागले. आठवेना.

"आन् त्यो भांडला का? अपमान करायचा म्हनून केलं का त्येनं? त्येला सांगितलं असंल कुनीतरी तसं, म्हनून केलं. मला सांगितलेलं ऐकणारा मानूस पायजे. त्यो न्हाई तर कुनीच न्हाई," वेणू म्हणाली आणि आत जाऊन दार लावून बसली.

आप्पांनी दोन दिवस त्या बंद दारापुढे येरझाऱ्या घातल्या. तिसऱ्या दिवशी त्यांनी निरोप धाडला, की दाखला आणला तर अजून विचार करू. टोपी नवी द्यावी.

इकडे गुणाजी बाईंकडे. "बाई, चुकलं."

शेळीचं ऐकून बाई खुर्चीवर बसल्या. "अरे, माणसांना नाही रे! आणि डब्यातलं जुनं पुन्हा लागणार असेल तर ते असं बाहेर फेकायचं नाही. समज, दोन डब्यांतल्या वस्तूंची अदलाबदल करायची आहे. एकात गहू, एकात ज्वारी. तर आधी एक तिसरा डबा शोधायचा, रिकामा. पहिल्यातलं तिसऱ्यात ठेवायचं. दुसऱ्यातलं पहिल्यात. मग तिसऱ्यातलं दुसऱ्यात. तिसऱ्याशिवाय अदलाबदल केलीस तर एकाचं नुकसान ठरलेलं."

"तिसरा रिकामा पायजे."

"रिकामाच पाहिजे. तिसरा आधी बघायचा, मग बाकीचं."

"ध्यानात ठेवतो, बाई."

परीक्षेत हाच प्रश्न आला. वर्गातल्या शहाण्यांनी "चालतंय की" म्हणून दोन्ही डब्यांत ज्वारी भरली. गुणाजीनं तिसरा डबा घेतला आणि गहू वाचवला. एकटा गुणाजी पास झाला. बाईंनी दाखला हातात दिला तेव्हा त्यांचे डोळे भरून आले होते. इतक्या वर्षांत सांगितलेलं तसंच्या तसं करणारा विद्यार्थी त्यांनाही हा एकच भेटला होता.

आप्पांनी दाखला उन्हात धरून, उलटा करून बघितला. शिक्का होता. लग्न ठरलं.

लग्न पिंपरणीला, आप्पांच्या दारात. मांडव घातला. तानूबाई नवं लुगडं नेसून सकाळपासून रडत होती, आनंदानं. उत्तूरकर बाई पहिल्या रांगेत बसल्या होत्या. सरपंचही आले होते, कारण जिथं हार असतात तिथं सरपंच येतातच. मंगलाष्टका झाल्या. अक्षता पडल्या. अंतरपाट बाजूला झाला. गुणाजीच्या हातात हार, वेणूच्या हातात हार. भटजी घाईत होते. म्हणाले, "हं, करा हारांची अदलाबदल."

बाई खुर्चीतून अर्ध्या उठल्या.

गुणाजीनं इकडेतिकडे पाहिलं. तिसरा रिकामा कोण? मामा अंतरपाटाची घडी घालत होता. बायका अक्षता उडवत होत्या. बँडवाले वाजवत होते. आप्पा डोळे पुसत होते. सबंध मांडवात काहीही न करणारा एकच माणूस होता. गुणाजी चालत गेला आणि त्यानं हार सरपंचांच्या गळ्यात घातला.

मग परत येऊन वेणूच्या हातातला हार घेतला आणि स्वतःच्या गळ्यात घातला. आता राहिलं तिसऱ्यातलं दुसऱ्यात. तो पुन्हा सरपंचांकडे वळला. पण सरपंचांच्या गळ्यात पडलेला हार असा लगेच निघत नसतो. त्यांनी बँड थांबवला, माईक हातात घेतला आणि बोलायला सुरुवात केली.

"आज आपण माझा जो सत्कार केलात..."

नळपाणी योजना झाली. शाळेच्या पत्र्याचं झालं. गुणाजी समोर हात पुढे करून उभा होता. भटजी घड्याळ बघत होते आणि आप्पांना घाम फुटला होता. मुहूर्त निघून चालला होता, आणि भाषण रस्त्याच्या डांबरीकरणापर्यंत आलं होतं. शेवटी वेणूनंच शालूचा पदर खोचला. ती तरातरा पुढे गेली, सरपंचांच्या गळ्यातला हार काढला आणि स्वतःच्या गळ्यात घालून घेतला.

मांडवात टाळ्यांचा कडकडाट झाला. सरपंचांना वाटलं, भाषण आवडलं.

"बाई, बराबर झालं न्हवं?" गुणाजीनं लांबूनच विचारलं.

बाईंनी डोळे मिटले आणि मान हलवली. पायऱ्या बरोबर होत्या, त्या तरी काय बोलणार? जेवण झाल्यावर त्या चारच्या एसटीनं तालुक्याला निघून गेल्या. त्या थांबल्या असत्या तर पुढचं झालं नसतं.

पाठवणीची वेळ झाली. वेणू आप्पांच्या गळ्यात पडून रडली आणि टेम्पोत जाऊन बसली. तानूबाई तिच्या शेजारी बसली आणि तिनं सुनेचा हात हातात घेतला. आता रुखवताचे डबे तेवढे चढवायचे राहिले होते. गुणाजी मांडवात त्या डब्यांशेजारी खुर्चीवर बसला होता.

तानूबाईनं हाक मारली, "गुणा, चल!"

गुणाजी उठणार होता, तो घट्ट बसला. मग त्यानं हळूच जवळचा डबा ओढला, झाकण उघडलं आणि आत पाहिलं.

"लाडू हायेत, आई."

"अरं, चल की!"

"लाडूच हायेत. पुन्यांदा बघितलं."

मामा आला. "गुणा, चल, येळ हुतोय." गुणाजीनं पुन्हा बघितलं. लाडूच होते. मग आप्पा आले आणि जावयाला शोभेल अशा आदरानं म्हणाले, "जावईबापू, चला आता."

"चला?" गुणाजीनं विचार केला. चल म्हणजे एक डबा. चला म्हणजे पुष्कळ डबे. त्यानं रुखवताचे सगळे डबे ओळीनं मांडले आणि एकेक उघडायला घेतला. "करंज्या. चिवडा. सांडगे. ह्यात पापड हायेत, वरचे चार मोडल्यात."

टेम्पोतून वेणूनं लाजत लाजत म्हटलं, "अहो, चला ना."

गुणाजी तिच्याकडे बघून हसला आणि त्यानं सगळे डबे पहिल्यापासून पुन्हा बघायला सुरुवात केली. तिच्यासाठी तो शंभरदा बघायला तयार होता.

टेम्पोवाला भोंगा वाजवायला लागला. सून दिवस मावळायच्या आत घरात आली पाहिजे, असं तानूबाईचं म्हणणं. "ऱ्हाऊ दे, येईल मागनं," ती म्हणाली, आणि टेम्पो निघाला. नवरी गेली, वऱ्हाड गेलं, बँडवाले गेले. दुसऱ्या दिवशी मांडववाल्यानं मांडव सोडला. खुर्ची भाड्याची होती, तीही नेली. गुणाजी ओट्यावर बसला.

पिंपरणीतले शहाणे एकेक करून येऊन गेले. सगळे म्हणाले, "चल." प्रत्येकानं आपापल्या परीनं म्हटलं. कुणी प्रेमानं, कुणी डोळे वटारून. एकानं तर कानात ओरडून. शब्द कुणी बदलला नाही.

आठवड्यानं वेणू स्वतः आली. टेम्पोत रडत असताना तिला सुचलं नव्हतं, पण सात दिवस गिरणीत उभं राहून तिनं डोकं चालवलं होतं. शेळीच्या दिवशी आप्पा कोणत्या शब्दाला उठले, ते तिला आठवलं. ती नवऱ्यापुढे उभी राहिली आणि म्हणाली, "उठा."

गुणाजी ताडकन उठला.

वेणूच्या डोळ्यांत पाणी आलं. शेजारीपाजारी गोळा झाले होते, ते बघत राहिले. आप्पांनी छातीवर हात ठेवून सुटकेचा निःश्वास टाकला आणि म्हणाले, "चला! झालं एकदाचं."

गुणाजी खाली बसला आणि त्यानं डबा ओढला.

या गोष्टीला आता बरेच दिवस झाले. मधल्या काळात वेणूनं पुष्कळदा "उठा" म्हटलं आणि तो प्रत्येक वेळी उठला. पण तो उठला की आनंदानं कुणाच्या ना कुणाच्या तोंडून "चला" निघतंच. मराठी माणसाला सुटल्यासारखं वाटलं की दुसरा शब्द येत नाही. उत्तूरकर बाईंना बोलावू म्हणावं, तर त्यांची बदली झाली.

खडकेवाडीची गिरणी वेणू चालवते आणि तानूबाईला दिवसभर बोलायला माणूस मिळालंय. पिंपरणीत आप्पांना सांगितलेलं ऐकणारा माणूस मिळालाय. तो गोठा झाडतो, पाणी भरतो, आप्पांची टोपी शेळ्यांपासून सांभाळतो. "तेवढं घरी जायचं नाव काढलं की बसतो," आप्पा सांगतात, आणि त्यांची फारशी तक्रार दिसत नाही.

दर बुधवारी बाजाराच्या दिवशी वेणू डबा घेऊन येते. तो झाकण उघडून आत बघतो आणि काय आहे ते तिला सांगतो. मग ती आपल्या सासरी परत जाते, आणि हा आपल्या सासरी राहतो.

लग्नानंतर दोघंही सासरी सुखानं नांदतायत.